कॉन्वी एवढासाच का? कॅसल नावाच्या गढीबद्दल थोडं सविस्तर

प्रश्न थोडक्यात असा आहे: "नोकरीनिमित्त मँचेस्टरला आहोत. मुलांना घेऊन वेल्समधला कॉन्वी कॅसल बघून आलो. पाऊण तासात फिरून झाला. राजगडाच्या एका माचीवर असे दोन-तीन मावतील. एवढ्याशा जागेत किती सैन्य राहत असणार? आणि मग मध्ययुगीन युरोपच्या इतिहासात कॅसलचा एवढा बोलबाला का? सामान्य माणसाच्या आयुष्याशी त्याचा खरंच काही संबंध होता का?"

मी संवर्धन वास्तुविशारद आहे. दगड आणि चुन्यात माझी चोवीस वर्षं गेली. त्यातली सहा ब्रिटनमध्ये, बहुतेक वेल्समधल्या पडक्या कॅसलच्या परांच्यांवर, आणि बाकीची आपल्याकडच्या गढ्या-वाड्यांवर. कॉन्वी तुम्हाला लहान वाटला हे अगदी बरोबर आहे, आणि उत्तराचं टोक तिथेच सापडतं. तो लहान आहे, कारण ज्या अर्थाने आपण राजगडाला किल्ला म्हणतो त्या अर्थाने तो किल्लाच नाही.

शाळेपासून आपण कॅसलचं भाषांतर 'किल्ला' असं करत आलो. त्याला सर्वांत जवळचा मराठी शब्द 'गढी' आहे. एखाद्या देशमुखाची गढी डोळ्यांसमोर आणा. चार कोपऱ्यांना बुरूज, आत चौसोपी वाडा, सदर, धान्याचं बळद, पागा, आड, देवघर. गावाचा वसूल तिथे जमा होतो, गावाची भांडणं तिथे तुटतात, आणि आज ना उद्या प्रत्येकाला काही ना काही कामाने त्या दरवाज्यात उभं राहावंच लागतं. प्रसंग आलाच तर दरवाजा लावून घेऊन आतली पंधरा-वीस माणसं काही दिवस तग धरू शकतात, पण तसा प्रसंग एखाद्या पिढीत येतो, एखाद्या पिढीत येतही नाही. हेच सगळं घडीव दगडात आणि राजा-सरदाराच्या तिजोरीतून उभं केलं की कॅसल होतो. तटबंद घर आणि त्याच घरात कचेरी. लढाई हा त्याच्या आयुष्यातला अपवादाचा दिवस.

आता सैन्याचं. इंग्लंडचा राजा पहिल्या एडवर्डने वेल्स जिंकल्यावर १२८४ मध्ये कॉन्वीची शिबंदी ठरवून दिली ती तीस माणसांची. त्यातले पंधरा क्रॉसबोवाले, म्हणजे चाप ओढून बाण सोडणाऱ्या आडव्या धनुष्याचे तिरंदाज. शिवाय एक पाद्री, एक लोहार, एक सुतार, एक गवंडी. वेल्समधल्याच हार्लेख कॅसलची शिबंदी छत्तीसांची. १४०४ च्या सुमारास वेल्श पुढारी ओवेन ग्लिंडूरच्या बंडात कारनारव्हनचा कॅसल अठ्ठावीस माणसांनी राखला. आणि १२१६ मध्ये इंग्लंडवर चालून आलेल्या फ्रेंच राजपुत्र लुईने ओडिअमच्या लहानशा कॅसलला वेढा घातला. कित्येक दिवसांनी आतल्यांनी सन्मानाने दरवाजा उघडला तेव्हा बाहेर आले तेरा जण. तीन नाइट, म्हणजे घोडेस्वार सरदार-योद्धे, आणि दहा सार्जंट, म्हणजे त्यांच्या खालचे शिपाई. फ्रेंच सैन्य बघतच राहिलं, असं त्या काळच्या इतिहासकाराने लिहून ठेवलंय.

तेरा माणसं हे करू शकली ती भिंतीच्या जोरावर. जंघीमागे, म्हणजे तटातल्या मारा करायच्या फटीमागे, बसलेल्या एका क्रॉसबोवाल्याला समोरचे वीस जण रोखून धरता येतात. आणि शत्रूला असा कॅसल मागे टाकून पुढे जाताही येत नाही, कारण आतले दहा घोडेस्वार रात्री बाहेर पडून त्याच्या रसदीच्या गाड्या जाळू शकतात. कॅसल घ्यायला शेकडो माणसं आठवडेच्या आठवडे अडकवावी लागतात, राखायला मात्र वीस-तीस पुरतात. मध्ययुगातल्या राजकारणाचं बरंचसं गणित या एका हिशोबावर उभं आहे. ज्याच्याकडे भिंत, त्याला राजालाही 'नाही' म्हणता येतं.

राजांना हे सुरुवातीपासून खुपत होतं. पश्चिम फ्रँकांचा राजा चार्ल्स, ज्याला लोक टकल्या चार्ल्स म्हणत, त्याने ८६४ मध्ये पीत्र इथून हुकूम काढला की माझ्या परवानगीशिवाय उभारलेली सगळी कुंपणं-तटबंद्या पाडून टाका. पुढे इंग्लंडमध्ये स्टीफन राजाच्या काळात यादवी माजली, तेव्हा जो तो सरदार कॅसल बांधत सुटला. पीटरबरोच्या मठातल्या साधूने त्या दिवसांबद्दल लिहिलंय की गरीब लोकांना कॅसल बांधायला जुंपून छळलं, आणि बांधून झाल्यावर त्यांत सैतानं आणि दुष्ट माणसं भरली. ११५४ मध्ये गादीवर आल्यावर दुसऱ्या हेन्रीने यातले कितीतरी कॅसल जमीनदोस्त केले. हे वाचताना मला दरवेळी सभासद बखरीतला तो भाग आठवतो, जिथे शिवाजी महाराज देशमुखांच्या बुरूजबंद गढ्या पाडायला लावतात आणि त्यांना रयतेसारखं साधं घर बांधून राहायला सांगतात. दुखणं तेच आणि औषधही तेच. पुढचा रस्ता मात्र वेगळा झाला. महाराजांनी गडावर हवालदार, सरनोबत आणि सबनीस असे बरोबरीचे तीन अधिकारी ठेवले, गड कुणाच्या वारशात जाऊ दिला नाही. युरोपातले बहुतेक कॅसल मात्र सरदार घराण्यांच्या वारशात राहिले. राजाच्या स्वतःच्या कॅसलवर नेमलेला किल्लेदार असे, पण ती पदंसुद्धा पुष्कळदा एकाच घराण्यात फिरत राहत.

सामान्य माणसाची कॅसलशी पहिली गाठ कशी पडली, तर घर जाऊन. १०६६ मध्ये नॉर्मंडीच्या विल्यमने इंग्लंड घेतलं आणि जागोजाग मातीचे उंच ढीग रचून त्यांवर लाकडी मनोरे उभारले. शेजारी कुंपण घातलेलं आवार, भोवती खंदक. काही आठवड्यांत उभा राहणारा कॅसल. पण ते माळावर नाही, शहरांच्या ऐन मध्यात. वीस वर्षांनी, १०८६ मध्ये, जमीन-महसुलाची जी मोठी पाहणी झाली त्यात कारकुनांनी कसलाही आडपडदा न ठेवता नोंदलंय: लिंकनमध्ये कॅसलपायी १६६ घरं गेली, केंब्रिजमध्ये २७. यॉर्कचे सात विभाग होते, त्यांतला एक सबंध कॅसलसाठी उजाड झाला. लिंकनच्या तटावर उभं राहून खाली बघताना मला तो १६६ चा आकडा डोक्यातून काढता येत नाही. ज्यांच्या चुलींवर ती माती पडली, बहुधा त्यांच्याच हातांनी ती वाहिली गेली.

मग हळूहळू तो मातीचा ढीग रोजच्या व्यवहाराचा भाग झाला. ११६६ मध्ये दुसऱ्या हेन्रीने हुकूम काढला की ज्या परगण्यात तुरुंग नाही तिथे राजाच्या शहरात किंवा कॅसलमध्ये तो बांधावा. परगण्याचा शेरीफ, म्हणजे राजाचा तिथला अधिकारी, अनेक ठिकाणी कॅसलमधूनच कारभार बघे. वसूल तिथे, कैदी तिथे, न्यायाधीश फिरतीवर आले की कोर्टही तिथेच भरायचं. लिंकन कॅसलच्या आवारात आजही क्राउन कोर्ट भरतं. लँकॅस्टर कॅसल तर २०११ पर्यंत चालू तुरुंग होता. ज्या वास्तूंना आपण 'अवशेष' म्हणतो त्यांचं कचेरीपण किती चिवट आहे बघा.

खेड्यातल्या कुळाच्या बाजूने पाहिलं तर कॅसल म्हणजे देण्यांची यादी. आठवड्यातले ठरावीक दिवस धन्याच्या शेतावर वेठ. कापणीच्या दिवसांत आणखी. दळण धन्याच्याच गिरणीत न्यायचं आणि पिठातला वाटा तिथे ठेवायचा. फ्रान्समध्ये तर भाकरी भाजायची भट्टी आणि द्राक्षं पिळायचा घाणासुद्धा त्याचाच वापरायची सक्ती असे. मुलीचं लग्न ठरलं तर परवानगीचे पैसे, घरातला कर्ता गेला तर गोठ्यातलं सर्वांत चांगलं जनावर. आणि इंग्लंडमध्ये पुष्कळ ठिकाणी 'वॉर्डपेनी' नावाची पट्टी. मूळ कल्पना अशी की नाइट लोकांनी वर्षातले काही दिवस कॅसलवर पहारा द्यायचा. पुढे पहाऱ्याऐवजी रोख रक्कम घेणं सुरू झालं, आणि ती रक्कम शेवटी कुळाच्या खिशापर्यंत झिरपली. पहारा बंद पडला तरी पट्टी चालूच राहिली.

पण नुसतं ओझं एवढंच चित्र रंगवलं तर तेही अर्धवट. दरवाज्याबाहेर बाजार भरायचा. लडलोसारखी गावं कॅसलच्या समोर आखून वसवली गेली. आतल्या माणसांना आणि घोड्यांना रोज लागतं ते कुणीतरी पिकवावं, आंबवावं, शिवावं, ठोकावं लागतं. याची सर्वांत जिवंत नोंद माझ्या माहितीत एका बाईच्या हिशोबवहीत आहे.

ही बाई म्हणजे एलिनॉर, लेस्टरची काउंटेस. जॉन राजाची मुलगी, तिसऱ्या हेन्रीची बहीण आणि त्याच हेन्रीविरुद्ध उठलेल्या सीमॉन द मॉन्फरची बायको. १२६५ च्या फेब्रुवारी ते ऑगस्टमधला तिच्या घरखर्चाचा चामड्याचा गुंडाळा टिकून राहिलाय, तो आज ब्रिटिश लायब्ररीत आहे. त्यात दररोजची नोंद ठरलेल्या क्रमाने येते: धान्य, वाइन, बिअर, मुदपाकखाना, पागा. आज बाईसाहेबांकडे पंगतीला कोण होतं. पागेत घोडे किती. लेंटच्या उपवासाचे दिवस असले की मांस बंद, मग हेरिंग मासे शेकड्यांनी. गरिबांना घातलेलं जेवण वेगळं लिहिलेलं. शिकारी कुत्र्यांचा खर्च वेगळा. निरोप्यांची नावंसुद्धा आहेत, एकाचं स्लिंगअवे, एकाचं ट्रूबडी. नावावरूनच कळतं की पहिला पायाला भिंगरी लावल्यासारखा पळत असणार आणि दुसरा विश्वासाचा असणार.

त्या वसंतात ती राहत होती त्याच ओडिअममध्ये, जिथून पन्नास वर्षांपूर्वी तेरा जण बाहेर आले होते. मार्चमध्ये नवरा भेटीला आला तेव्हा पागेतल्या घोड्यांचा आकडा चाळिशीवरून एकदम तीनशेच्या वर गेला. घोडे तीनशे म्हणजे माणसंही शेकड्यांनी, आणि सगळ्यांची सोय एका दिवसात. पंधरा दिवसांनी सीमॉन निघून गेला. तो पुन्हा कधी तिला दिसला नाही. ४ ऑगस्टला इव्हशॅमच्या लढाईत तो मारला गेला. तोवर एलिनॉर डोव्हरच्या कॅसलमध्ये पोचली होती, आणि हिशोबाच्या नोंदी त्यानंतरही येत राहतात, धान्य, मुदपाकखाना, पागा.

यातून तुमच्या 'एवढ्याशा' जागेचं कोडं उलगडेल. कॅसल कायम भरलेला नसायचा. शांततेच्या दिवसांत आत किल्लेदार, दरवान, पाद्री, दोन-चार पहारेकरी, एखादा कैदी. धनी आला की तो आपलं अख्खं घर घेऊन येई: पलंग, पडदे, भिंतीवरचे जाजम, चांदीची भांडी, स्वयंपाकी, कारकून, सगळं गाड्यांवर लादून. सदरेतली जेवणाची टेबलंसुद्धा घडवंच्यांवर फळ्या टाकून मांडलेली, जेवणं झाली की उचलायची आणि तिथेच नोकरांनी पथारी पसरायची. एका कोठारातलं संपलं की धनी पुढच्या कॅसलला. नोकरवर्ग जवळजवळ सगळा पुरुषांचा, धोबीण तेवढी बाई. स्वयंपाकीही पुरुषच.

तरी बायकांच्या हाती कॅसल नव्हते असं समजू नका. धनी मोहिमेवर असला की कारभार धनिणीकडे, आणि तो फक्त नावापुरता नाही. लिंकनची निकोला द ला हे हिला किल्लेदारी वडिलांकडून आली. ११९१ मध्ये तिने वेढा परतवला. १२१६ मध्ये म्हातारपणाचं कारण सांगून तिने जॉन राजापुढे किल्ल्या ठेवल्या, त्याने त्या परत तिच्याच हाती दिल्या आणि त्याच वर्षी तिला लिंकनशरची शेरीफही केलं. १२१७ मध्ये, साठी उलटून गेल्यावर, फ्रेंच आणि बंडखोर सरदारांच्या वेढ्यात ती कॅसल धरून राहिली, मदत येऊन लढाई जिंकेपर्यंत. लिंकनची ती लढाई झाली नसती तर इंग्लंडच्या गादीवर फ्रेंच राजपुत्र बसण्याची शक्यता बरीच होती. हिचं नाव आपल्याकडच्या मुलांनी ऐकायला हवं असं मला मनापासून वाटतं.

आता माझ्या धंद्याचं थोडं. बांधकाम म्हणजे स्वतःच एक मोठी सामाजिक घटना होती. १२८२-८३ मध्ये वेल्सच्या कामांसाठी इंग्लंडच्या परगण्यांतून खोदकामगार, सुतार, गवंडी हुकमाने गोळा केले. यॉर्कशरकडून निघालेल्या तांड्यांबरोबर घोडेस्वार शिपाई होते, वाटेत माणसं पळून जाऊ नयेत म्हणून. या सगळ्याचा प्रमुख होता सव्हॉयहून आणलेला मास्टर जेम्स ऑफ सेंट जॉर्ज. त्याला दिवसाला ३ शिलिंग, म्हणजे ३६ पेन्स. साध्या मजुराला दोन पेन्सच्या आसपास. फेब्रुवारी १२९६ मध्ये वेल्समधल्या बोमारिस कॅसलच्या कामावरून त्याने खजिन्याला लिहिलेलं पत्र टिकून आहे. आठवड्याला २५० पौंड लागतात म्हणतो, आणि एवढा पैसा जातो कुठे असं तुम्हाला वाटेल म्हणून हिशोब देतो: ४०० गवंडी, २००० बिनकसबी मजूर, २०० खाणकामगार, ३० लोहार, सुतार वेगळे, १०० गाड्या, ६० वॅगन, दगड-कोळसा आणणाऱ्या ३० बोटी. आणि पुढे कळकळीने लिहितो की माणसांची मजुरी थकली आहे, त्यांच्याकडे जगायला काही उरलेलं नाही, त्यांना थोपवून धरणं कठीण झालंय. साइटवर मजुरी अडकलेल्या दिवसांत मुकादमाच्या चेहऱ्याकडे ज्याने पाहिलंय त्याला हे पत्र सातशे वर्षं जुनं वाटणार नाही. बोमारिस शेवटी अर्धवटच राहिला. आजही त्याचे बुरूज ठरल्या उंचीला पोचलेले नाहीत.

तीस लोहार कशाला, असा प्रश्न पडतो. छिन्नी बोथट होते म्हणून. कठीण दगडावर पाथरवटाची छिन्नी दिवसातून कितीदा तरी पाजळावी लागते. फ्रान्समध्ये बर्गंडीत गेदेलों इथे १९९७ पासून तेराव्या शतकातल्या पद्धतीने एक कॅसल बांधताहेत. तिथल्या भात्यासमोर मी एक सकाळ उभा होतो. लोहार थांबला की अर्ध्या तासात पाथरवट थांबतात, पाथरवट थांबले की गवंडी, आणि गवंडी थांबले की चाकात चालून दगड वर ओढणारी माणसंही थांबतात.

वेल्समध्ये एका बुरुजाच्या दर्जा, म्हणजे दगडांमधल्या फटी, भरायच्या होत्या. जुना सैल माल खरवडताना आतून शिंपल्याचे तुकडे निघाले, कालवांचे. दोन घडीव दगडांमध्ये फट समान राहावी म्हणून तेव्हाच्या गवंड्याने पाचर म्हणून बसवलेले. दुपारच्या जेवणात खाल्लेल्या कालवाचं कवच फेकून न देता त्याने फटीत सारलं असावं. चुन्यात कोळशाचे काळे कण होते, भट्टीतून तसेच आलेले. एका ठिकाणी अंगठ्याने दाबलेल्या मालाचा खळगा जसाच्या तसा होता. मी माझा अंगठा त्यात ठेवला, जरासा मोठा पडला. त्या बुरुजाचा राजा कोण हे पाटीवर लिहिलेलं असतं. या माणसाचं नाव कुठेच नाही, पण माल त्याने इतका नेटका दाबला होता की खोल भागातला आम्हाला काढावा लागला नाही.

आणि हो, हे सगळे कॅसल आज दिसतात तसे उघड्या करड्या दगडाचे नव्हते. कॉन्वीच्या भिंती पांढऱ्या होत्या, चुन्याच्या गिलाव्याने. नीट पाहिलं तर वाऱ्यापासून आडोशाच्या कोपऱ्यात त्याचे पापुद्रे अजून दिसतात. लंडनच्या टॉवरमधला मधला मनोरा 'व्हाइट टॉवर' म्हणून ओळखला जातो तोही याचमुळे. तिसऱ्या हेन्रीने त्याला सफेदी करवली आणि पागोळ्यांनी ती डागाळू नये म्हणून शिशाचे नळ खालपर्यंत उतरवायला लावले. दहा कोसांवरून शुभ्र दिसणारी भिंत म्हणजे काय, हे वेल्समधल्या मेंढपाळाला शब्दात सांगावं लागत नव्हतं.

कॉन्वीबाबत तर हे फार जाणूनबुजून केलेलं होतं. ती जागा मोकळी नव्हती. तिथे अबरकॉन्वीचा मठ होता आणि त्यात वेल्सचा थोर राजा लवेलिन याचं दफन झालेलं होतं. एडवर्डने मठ उचलून नदीच्या वरच्या अंगाला मेनानला हलवला, आणि त्या जागी कॅसल आणि शहर एकाच वेळी बांधायला घेतले. १२८३ ते १२८७, खर्च सुमारे १५,००० पौंड. शहरात घरं मिळाली इंग्लंडहून आणलेल्या वसाहतवाल्यांना. वेल्श माणसाला तिथला नागरिक होण्याची मनाई. किल्लेदार हाच शहराचा मेयर. म्हणून सांगतो, पाऊण तासात तुम्ही फक्त वाडा बघितलात. शहराभोवतीचा सव्वा किलोमीटरहून लांब तट, त्यातली घरं, बंदर, बाजार, हे सगळं मिळून कॉन्वी होतं. त्या तटावर एका ओळीत बारा शौचकूप बाहेर काढलेत, राजाच्या कचेरीतल्या कर्मचाऱ्यांसाठी. मुलांना ते नक्की दाखवा, त्यांना राजाच्या महालापेक्षा ते जास्त लक्षात राहील, आणि कारकुनांची वस्ती केवढी होती हेही त्यावरून कळेल.

लढाईच्या दिवसाबद्दल दोनच गोष्टी सांगतो. शत्रू आला की आसपासची रयत कॅसलमध्ये सुरक्षित राहायची, असं सिनेमात दिसतं. १२०३ मध्ये फ्रान्सच्या फिलिपने सेन नदीकाठच्या शातो गाइयारला वेढा घातला, तेव्हा लेझांदेली गावातल्या लोकांनी खरंच आत आसरा घेतला. धान्य संपत आलं तसं किल्लेदार रॉजर द लेसीने त्यांना टप्प्याटप्प्याने बाहेर काढलं. पहिल्या दोन जथ्यांना फ्रेंचांनी जाऊ दिलं. मग फिलिपने मनाई केली. पुढच्या शेकडो माणसांना समोर फ्रेंच बाण आणि मागे बंद दरवाजा. ऐन हिवाळ्यात, तट आणि वेढा यांच्या मधल्या उतारावर ती तशीच राहिली, त्यांतली कितीतरी मेली. अखेर फिलिपने उरलेल्यांना सोडलं. कॅसल मार्च १२०४ मध्ये पडला. त्या जमान्यात अशा लोकांना 'निरुपयोगी तोंडं' म्हणत. इटलीत तटाच्या आत अख्खी गावं वसवलेली होती, तिथली गोष्ट वेगळी. पण उत्तरेकडच्या कॅसलची भिंत कुणासाठी होती, ते या उतारावर कळतं.

दुसरी गोष्ट रॉचेस्टरची. १२१५ मध्ये जॉन राजाने बालेकिल्ल्याच्या एका कोपऱ्याखाली सुरुंग खणला, लाकडी टेकू लावले, आणि चाळीस डुकरं मागवली, खाण्याच्या कामाची नसलेली पण चरबीने भरलेली. त्या चरबीने टेकू पेटवले आणि कोपरा कोसळला. तो बुरूज पुढे पुन्हा बांधला. बाकीचे तीन चौकोनी आहेत, हा एक गोल आहे.

गाइड लोक सांगतात त्यातल्या काही गोष्टींवर विश्वास ठेवू नका. गोल जिने उजव्या हाताने तलवार चालवणाऱ्या रक्षकाच्या सोयीचे म्हणून घड्याळाच्या दिशेने वर जातात, ही कल्पना विसाव्या शतकाच्या सुरुवातीला पसरली. उलटे जिनेही भरपूर आहेत. उकळतं तेल ओतणं परवडणारं नव्हतं. पाणी, तापलेली वाळू, दगड आणि कळीचा चुना ओतत. आणि 'डंजन' म्हणजे अंधारकोठडी हा फार नंतरचा अर्थ. मूळ फ्रेंच 'दोंजों' म्हणजे धन्याचा मनोरा, स्वामित्व या अर्थाच्या लॅटिन शब्दावरून आलेला.

हे सगळं तोफांनी संपवलं असं म्हणतात, ते अर्धंच खरं. कॉन्वी ओस पडायला तोफेची गरज लागली नाही. १३२१ च्या तपासणीतच छपरं गळतात, लाकूड कुजलंय, कोठारात पुरेसा माल नाही, असा अहवाल आहे. बांधून जेमतेम चौतीस वर्षं झाली होती. ज्या महालांवर एवढा खर्च केला त्यांत राजाचा मुक्काम मोजक्याच वेळा पडला. १२९४-९५ च्या हिवाळ्यात एडवर्ड तिथे बंडामुळे अडकला होता, आणि १३९९ मध्ये दुसरा रिचर्ड तिथे आसऱ्याला आला आणि तिथूनच शत्रूच्या हाती गेला. पुढे राज्यकारभार लंडनला एकवटला, सरदारांना मोठ्या खिडक्यांची ऊबदार घरं हवीशी झाली, आणि जाड भिंतीचं घर सांभाळणं परवडेनासं झालं.

पुन्हा कॉन्वीला जाल तेव्हा आधी कॅसलमध्ये शिरू नका. शहराच्या मध्यात सेंट मेरी चर्च आहे, तिथून सुरुवात करा. ते हलवलेल्या मठाचंच चर्च, एडवर्डने ते गावकीचं चर्च म्हणून ठेवलं. १४०१ च्या गुड फ्रायडेला कॅसलची जवळजवळ सगळी शिबंदी तिथे प्रार्थनेला गेली होती. मागे दरवाज्यावर दोघे पहारेकरी. सुताराच्या वेषात काही माणसं आली, दुरुस्तीचं काम आहे म्हणाली. ती होती ओवेन ग्लिंडूरच्या नात्यातल्या रीस आणि ग्विलिम या ट्यूडर भावांची माणसं. पहारेकरी मारले गेले, दरवाजा आतून लागला, आणि ज्याच्या तटाला कुणी हात लावू शकलं नव्हतं तो कॅसल कित्येक आठवडे वेल्श बंडखोरांकडे राहिला. छपरं गळणाऱ्या वास्तूत सुतार आले याचं दरवानाला नवल वाटलं नसणार. चर्चच्या दारातून निघून कॅसलच्या दरवाज्यापर्यंत मुलांना चालवत न्या, आणि किती मिनिटं लागतात ते त्यांनाच मोजू द्या.